आफ्रिकन गोगलगायीचा पाण्याचा आणि चुन्याचा हिशेब

मृगाचा पाऊस दोन-चार दिवस नीट पडला की पुण्यातल्या अनेक सोसायट्यांच्या कुंपणभिंतींवर, कुंड्यांच्या काठांवर आणि जिन्याखालच्या ओलसर कोपऱ्यांत लांबट, टोकदार, तपकिरी शंखाच्या मोठ्या गोगलगायी दिसू लागतात. त्यांच्याबद्दल लोक बहुधा दोनच प्रश्न विचारतात. इतक्या गोगलगायी एकाएकी आल्या कुठून, आणि शेजारी हिरवीगार बाग असताना त्या भिंतीवर चढून करतात काय? या प्राण्याची शरीररचना, दिनक्रम, प्रजनन आणि जगभर झालेला प्रसार यांतील बहुतेक गोष्टींचा उलगडा पाणी आणि चुना या दोन गरजांपाशी होतो, आणि वरच्या दोन्ही प्रश्नांची उत्तरेही तिथेच सापडतात. हा हिशेब समजला की तिला आवरण्याचे काही उपाय का चालतात आणि काही का फसतात, हे वेगळे पाठ करावे लागत नाही.

ही आफ्रिकन महाकाय गोगलगाय. तिचे शास्त्रीय नाव लिसाकॅटिना फुलिका असे आहे. जुन्या पुस्तकांत ती अकॅटिना फुलिका या नावाने आढळते, आणि आपल्याकडचे शेतकरी व कृषी खाते तिला शंखी गोगलगाय म्हणतात. मूळची ती पूर्व आफ्रिकेच्या किनारपट्टीची, म्हणजे आजच्या केनिया आणि टांझानियाकडची आहे. पूर्ण वाढलेल्या गोगलगायीचा शंख साधारणतः ७ ते १० सेंटिमीटर लांब असतो, क्वचित तो २० सेंटिमीटरपर्यंतही वाढतो. त्याची लांबी रुंदीच्या सुमारे दुप्पट असते, त्याला सात ते नऊ वेढे असतात आणि फिकट तपकिरी रंगावर गडद, वेडेवाकडे उभे पट्टे असतात. शंखाचे टोक वर आणि तोंड आपल्याकडे करून धरले तर ते तोंड उजव्या हाताला येते.

पाण्यापासून सुरुवात करू. गोगलगाय मृदुकाय प्राण्यांच्या संघातली आहे, आणि शिंपले, कालवे, माकूळ असे या संघातील तिचे बहुतेक परिचित नातलग पाण्यातच राहिले. जमिनीवर आलेल्या तिच्या पूर्वजांनी कल्ले सोडले आणि शंखाखालच्या पोकळीच्या छतात रक्तवाहिन्यांचे दाट जाळे तयार होऊन तिचे फुप्फुस बनले, पण त्वचा मात्र पातळ आणि ओलीच राहिली. कीटकांच्या अंगावर मेणाचा थर असतो, सरड्याच्या अंगावर खवले असतात. गोगलगायीजवळ यांपैकी काहीच नसल्यामुळे उघड्या अंगातून पाणी सतत उडून जाते. तिच्या उजव्या बाजूला, शंखाच्या कडेलगत, एक छिद्र मधूनमधून उघडताना आणि मिटताना दिसते. फुप्फुसात हवा जाण्याची ती वाट आहे, आणि ती गरजेपुरतीच उघडी ठेवण्यामागेही पाण्याची काटकसर आहे. तिच्या रक्तात प्राणवायू वाहून नेण्याचे काम लोहयुक्त हिमोग्लोबिनऐवजी तांबेयुक्त हिमोसायनिन करते, त्यामुळे प्राणवायू मिळालेले तिचे रक्त निळसर दिसते. हा तपशील आपल्या मुद्द्याला फारसा लागत नसला तरी मुलांना सांगण्याजोगा आहे.

चालण्यासाठीही तिला पाणीच खर्च करावे लागते. गोगलगायीचा पाय म्हणजे शरीराच्या तळाशी असलेला एक सपाट, रुंद स्नायू होय. या स्नायूत मागून पुढे लहान लहान लाटा उठत जातात आणि त्या लाटांवर शरीर पुढे सरकते. काचेवर चालणारी गोगलगाय पलीकडून पाहिली तर त्या गडद-फिकट पट्ट्यांच्या रूपाने स्पष्ट दिसतात. पाय आणि जमीन यांच्यामध्ये तिने सोडलेल्या चिकट स्रावाचा पातळ थर असतो. हा स्राव दोन परस्परविरोधी कामे करतो. स्थिर असताना तो घट्ट राहतो आणि पायाला चिकटवून ठेवतो, पण स्नायूच्या लाटेचा ताण आला की तेवढ्या जागी तो पातळ होऊन पाय सरकू देतो, आणि म्हणूनच ती उभ्या भिंतीवर किंवा पानाच्या खालच्या बाजूला उलटी होऊनही चालू शकते. मात्र हा स्राव परत शोषून घेता येत नाही. सकाळी फरशीवर दिसणारी चकचकीत रेघ म्हणजे तिने रात्री खर्च केलेले पाणी आणि अन्न आहे. कोरड्या, तापलेल्या जमिनीवरून चालणे तिला परवडत नाही ते यामुळेच. म्हणून ती अंधार पडल्यावर, दव असताना किंवा पाऊस पडून गेल्यावर बाहेर पडते आणि उन्हे येण्याआधी आडोसा गाठते.

हा आडोसाही बहुधा रोज नवा नसतो. मोठ्या गोगलगायी रात्री चरून पुन्हा त्याच जागी परत येतात आणि परतीची वाट शोधताना स्रावाच्या खुणांचा उपयोग करतात, तर लहान गोगलगायी त्या मानाने अधिक भटक्या असतात. बागेतली गोगलगाय उचलून शेजारच्या सोसायटीच्या भिंतीपलीकडे टाकण्याचा जो उपाय पुण्यात सर्रास चालतो, त्यातून एक तर ती परत येते किंवा शेजाऱ्याची होते. प्रश्न आहे तिथेच राहतो.

आता एकाएकी येण्याबद्दल. पुण्यात वर्षभराच्या पावसाचा मोठा भाग जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत पडतो, ऑक्टोबरात पाऊस परततो आणि त्यानंतर हवा कोरडी होत जाते. ती कोरडी झाली की गोगलगाय मातीत शिरते, दगडांच्या फटीत किंवा झाडाच्या ढोलीत जाऊन बसते, अंग पूर्णपणे शंखात ओढून घेते आणि शंखाच्या तोंडावर स्रावाचा पडदा धरते, जो वाळून कागदाइतका पातळ पण चिवट होतो. तिच्या शंखाला कायमचे झाकण नसते, त्यामुळे हा पडदा दर वेळी नव्याने करावा लागतो. आत हृदयाचे ठोके आणि श्वसन मंदावते आणि शरीराचा खर्च अगदी कमी होतो. थंडीत या अवस्थेला शीतनिद्रा म्हणतात, उन्हाळ्यात ग्रीष्मनिद्रा. पुण्यातल्या गोगलगायीच्या बाबतीत एकीचा शेवट कुठे आणि दुसरीचा आरंभ कुठे, हे ठरवण्यात फार अर्थ नाही, कारण दोन्हींमागे पाण्याची टंचाई हेच मोठे कारण असते. फार मोठ्या अवर्षणात ती अशी तीन वर्षांपर्यंत तग धरू शकते, असे नमूद आहे. म्हणजे जूनमध्ये दिसणाऱ्या गोगलगायी कुठून आलेल्या नसतात. त्या आपल्याच आवारात, हाताच्या अंतरावर, सात-आठ महिने पडून असतात आणि माती भिजल्यावर पडदा फोडून बाहेर येतात.

याला शहराने एक अपवाद तयार करून ठेवला आहे. ज्या हिरवळीवर एप्रिल-मे महिन्यांतही रोज संध्याकाळी फवारे चालतात, ज्या कुंड्यांखालच्या बशांमध्ये सतत पाणी असते आणि ज्या वाफ्यांवर पालापाचोळ्याचे जाड आच्छादन असते, तिथल्या गोगलगायीला उन्हाळा जाणवतच नाही. ओलावा टिकवणारे आच्छादन बागेसाठी चांगलेच आहे आणि मी ते काढून टाका असे म्हणणार नाही, पण त्याखाली कोण राहते ते अधूनमधून उचलून पाहायला हवे.

चुन्याची गरज यापेक्षा कमी परिचित आहे. शंख हा मुख्यतः कॅल्शियम कार्बोनेटचा, म्हणजे चुनखडीचा बनलेला असतो, आणि गोगलगाय अंड्यातून बाहेर येते तेव्हाच तिच्या अंगावर तो असतो. पुढे शरीर वाढते तसा तो बदलून नवा घेता येत नाही. तोच वाढवत न्यावा लागतो. प्रावार नावाची शरीराची एक घडी शंखाच्या तोंडाशी असते, आणि ती कडेवर प्रथिनाच्या चौकटीत चुनखडीचे सूक्ष्म स्फटिक रचत जाते. त्यामुळे शंखाचे टोक हा गोगलगायीच्या बालपणीचा भाग असतो आणि तोंडाची कड हा सर्वांत नवा. कड पातळ आणि ठिसूळ असेल तर ती अजून वाढीला लागलेली आहे, आणि कड जाड झाली असेल तर वाढ जवळजवळ थांबली आहे, असे समजावे.

या बांधकामाला लागणारे कॅल्शियम पाल्यातून आणि मातीतून मिळते, पण झपाट्याने वाढणाऱ्या एवढ्या मोठ्या प्राण्याला ते पुरतेच असे नाही. म्हणून ती भिंतीवर चढते. चुन्याचा हात दिलेली जुनी भिंत, सिमेंटचा गिलावा, हाडांचे तुकडे, फेकलेली अंड्यांची टरफले, मेलेल्या गोगलगायींचे शंख, यांतील जे मिळेल ते ती खरवडून खाते. रंग उडालेल्या भिंतीवर बारीक ओरखड्यांचे नागमोडी पट्टे दिसले तर ते तिच्या जिभेचे असू शकतात. शहर तिला मानवते याचे हे एक कारण आहे, आणि माझ्या मते ते पुरेसे लक्षात घेतले जात नाही: आपण तिला फक्त पाणी आणि भाजी पुरवत नाही, तर गिलाव्याच्या रूपाने मैलोगणती चुनाही उभा करून ठेवतो.

ही जीभ म्हणजे रॅड्युला. ती एक लवचीक पट्टी असून तिच्यावर हजारो सूक्ष्म दात आडव्या रांगांत बसवलेले असतात. पट्टी पुढेमागे होते आणि दात पृष्ठभाग खरवडून कण तोंडात ओढतात. पुढचे दात झिजले की मागून नव्या रांगा पुढे येतात, त्यामुळे सिमेंट खरवडूनही ती बोथट होत नाही. दृष्टी मात्र तिला बेताचीच आहे. डोक्यावरील वरच्या लांब स्पर्शिकांच्या टोकांवर डोळे असतात, पण त्यांना उजेड आणि अंधार यापलीकडे फारसे कळत नाही, आणि ऐकण्याचे इंद्रिय तर तिला नाहीच. तिचे जग वासाचे आणि चवीचे आहे. खालची आखूड जोडी जमीन चाचपत जाते, वरची जोडी हवेतला वास घेते.

आहाराच्या बाबतीत ती फार चोखंदळ नाही. तिने खाल्लेल्या वनस्पतींची यादी पाचशेच्या पुढे जाते. पपईची रोपे, कोबी, पालक, काकडी, वाल, झेंडू ही आपल्या परिचयाची नावे तिच्यात आहेत, आणि वनस्पतींशिवाय कुजका पाला, झाडांच्या सालीवरील दगडफूल, जनावरांची विष्ठा आणि मेलेले प्राणीही ती खाते. वयाप्रमाणे आवड बदलते, आणि हे समजून घेण्याजोगे आहे. लहान गोगलगायी कोवळ्या, ताज्या पानांवर तुटून पडतात, तर वय वाढेल तसा कुजक्या पदार्थांचा वाटा वाढत जातो. म्हणून बागेतल्या रोपांचे नुकसान भिंतीवर दिसणाऱ्या मोठ्या गोगलगायींनी केले असेल असे धरून चालणे नेहमीच बरोबर नसते. एखादा सेंटिमीटर लांबीची, दिवसा मातीच्या ढेकळाखाली दडलेली पिल्ले कधीकधी जास्त नुकसान करतात.

प्रजनन हा या प्राण्याच्या यशातला सर्वांत ठळक भाग आहे. प्रत्येक गोगलगाय उभयलिंगी असते, म्हणजे एकाच शरीरात नर आणि मादी अशी दोन्ही जननेंद्रिये असतात. त्यांपैकी शुक्रपेशी आधी तयार होतात आणि अंडी नंतर. स्वतःची अंडी स्वतः फलित करणे ती सहसा करत नाही, तिला जोडीदार लागतो, पण भेटलेली कोणतीही प्रौढ गोगलगाय जोडीदार होऊ शकते, आणि ज्या प्राण्याला तासभर चालूनही काही मीटरच जाता येते त्याच्यासाठी ही फार मोठी सोय आहे. मीलन कित्येक तास चालते. त्यात मिळालेल्या शुक्रपेशी ती शरीरात साठवून ठेवू शकते आणि एका मीलनावर कित्येक महिने, एकापाठोपाठ अनेक खेपा अंडी घालू शकते. म्हणून एखाद्या कुंडीतून एकच गोगलगाय आली तरी निर्धास्त राहता येत नाही.

अंडी साबुदाण्याएवढी, पिवळसर पांढरी आणि सुमारे ५ मिलिमीटर व्यासाची असतात, आणि ती ओलसर मातीत काही सेंटिमीटर खोल खळग्यात एकत्र घातलेली असतात. एका खेपेत १०० ते ४०० अंडी असतात, आणि अनुकूल परिस्थितीत एका वर्षात एक गोगलगाय बाराशेपर्यंत अंडी घालू शकते. अंड्याचे कवचही चुन्याचेच असते, म्हणजे वीण वाढवायची तर आईला आधी चुना जमवावा लागतो. एक-दोन आठवड्यांत पिल्ले बाहेर पडतात, पहिले अन्न म्हणून स्वतःच्याच अंड्याचे कवच खातात आणि काही दिवस मातीखालीच राहतात. आईने दिलेला हा चुना त्यांच्या शंखाच्या पहिल्या वाढीला पुरतो. पाणी आणि अन्न मिळत राहिले तर सहा महिन्यांच्या आसपास ती स्वतः प्रजननक्षम होतात, आणि आयुष्य सामान्यतः तीन ते पाच वर्षांचे असते, क्वचित त्याहून बरेच अधिक.

या आकड्यांचा अर्थ काय होतो ते अमेरिकेत फ्लोरिडा राज्याने पाहिले. १९६६ मध्ये मायामीतील एका मुलाने हवाईहून तीन गोगलगायी आणल्या आणि त्याच्या आजीने त्या बागेत सोडून दिल्या. सात वर्षांनी त्या भागात १८,०००हून अधिक गोगलगायी सापडल्या, आणि त्या संपवण्यासाठी दहा लाख डॉलरहून जास्त खर्च आला. १९७५ मध्ये निर्मूलन पूर्ण झाले, पण २०११ मध्ये त्या मायामी परिसरात पुन्हा सापडल्या, २०२१ मध्ये पुन्हा निर्मूलनाची घोषणा झाली आणि २०२२ मध्ये त्याच राज्यात पास्को परगण्यात त्या आणखी एकदा आढळल्या.

फ्लोरिडाच्या या हकिकतीत एक गोष्ट सहज निसटून जाते: हवाई ते मायामी हा प्रवास गोगलगायीने केलेला नाही. तिचा जगभरचा सगळाच प्रसार असा, दुसऱ्याच्या खांद्यावरून झालेला आहे. आफ्रिकेच्या किनाऱ्यावरून ती मादागास्कर आणि मॉरिशसमध्ये पोहोचली. १८४७ मध्ये विल्यम बेन्सन या बंगालमधील ब्रिटिश अधिकाऱ्याने, जो शंखांचा अभ्यासकही होता, मॉरिशसहून काही जिवंत गोगलगायी कोलकात्याला आणल्या आणि त्या तिथल्या चौरंगी भागातील बागेत सोडल्या गेल्या. भारतातील तिच्या इतिहासाची सुरुवात तिथून धरली जाते. पुढे पॅसिफिक महासागरातील अनेक बेटांवर ती जपान्यांनी खाण्यासाठी नेली, काही ठिकाणी ती औषधी म्हणून गेली, काही ठिकाणी केवळ हौस म्हणून. आंतरराष्ट्रीय निसर्ग संवर्धन संघाने जगातील सर्वांत उपद्रवी अशा १०० आक्रमक परक्या प्रजातींची जी यादी केली आहे, तिच्यात या गोगलगायीचा समावेश आहे.

शहराच्या आत तिचा प्रवास कुंडीतून, रोपाच्या पिशवीतल्या मातीतून, शेणखताच्या गोणीतून आणि वाळू-विटांच्या ट्रकमधून होतो. पुण्यात गच्चीवरच्या बागेसाठी लाल माती बाहेरून येते, रोपे सोलापूर रस्त्यावरच्या रोपवाटिकांच्या पट्ट्यातून आणि शहरातल्या लहानमोठ्या विक्रेत्यांकडून घरोघर जातात. हा सगळा माल ओलसर असतो, आणि मातीत दडलेली ५ मिलिमीटरची अंडी वरून दिसत नाहीत. त्यामुळे चौथ्या मजल्यावरच्या गच्चीत गोगलगाय सापडली तर ती भिंतीवरून चढून आली असेल हे अशक्य नसले, तरी ती कुंडीतून आली असण्याची शक्यता मला अधिक वाटते.

शेतात हाच हिशेब फार महागात पडतो. २०२२च्या खरिपात लातूर, बीड आणि तेव्हाचा उस्मानाबाद, म्हणजे आताचा धाराशिव, या जिल्ह्यांत नुकत्याच उगवलेल्या सोयाबीनवर शंखी गोगलगायींनी एवढा हल्ला केला की कित्येक शेतकऱ्यांना दुबार पेरणी करावी लागली आणि राज्य सरकारला नुकसानभरपाई जाहीर करावी लागली. सोयाबीनचे रोप जमिनीतून वर येते तेव्हा त्याची दोन जाड बीजपत्रे आणि मधला कोवळा शेंडा एवढेच भांडवल असते. बीजपत्रांसकट शेंडा कापला गेला की रोप संपते. पेरणीचा काळ आणि गोगलगाय जागी होण्याचा काळ एकच, पावसाची झड लागून राहिलेली आणि बांधावर दगड-गवताचा आडोसा तयार, असे सगळे तिथे जुळून आले होते.

तिला शत्रू नाहीत असे नाही. भारद्वाज पक्षी मोठ्या गोगलगायीही फोडून खातो, घुशी आणि उंदीर खातात, आणि काजव्याच्या अळ्यांचे तर गोगलगायी हेच मुख्य भक्ष्य आहे. पावसाळ्यापूर्वी भंडारदऱ्याला आणि राजमाचीला काजवे पाहायला जाणाऱ्या पुणेकरांपैकी फारच थोड्यांना ठाऊक असते की त्या चमकणाऱ्या कीटकाचे बालपण गोगलगायींना विषारी दंश करून त्यांचे मांस विरघळवून पिण्यात गेलेले असते. पण एवढ्या वेगाने वाढणाऱ्या संख्येला हे शत्रू पुरे पडत नाहीत, आणि शहरात त्यांची संख्या आधीच रोडावलेली असते.

मग बाहेरून शत्रू आणावा का, हा विचार पूर्वी होऊन गेला आहे. १९५५ मध्ये हवाईत युग्लँडिना रोझिया ही फ्लोरिडाकडची मांसाहारी गोगलगाय मुद्दाम आणण्यात आली. दुसऱ्या गोगलगायींच्या स्रावाची रेघ हुंगत जाऊन ती त्यांना गाठते आणि खाते. तिने आफ्रिकन गोगलगायीला फारसा आळा घातला नाही, पण बेटांवरच्या लहान, सावकाश वाढणाऱ्या स्थानिक गोगलगायी मात्र तिने संपवत आणल्या. ताहितीजवळच्या मोरेआ बेटावर ती १९७७ मध्ये सोडली गेली, आणि दहा वर्षांत तिथल्या पार्टुला वंशातील सातही स्थानिक जाती जंगलातून नाहीशा झाल्या. त्यांपैकी काही केवळ प्राणिसंग्रहालयांत जपल्या गेल्या म्हणून शिल्लक राहिल्या.

आरोग्याबद्दल थोडे सांगायला हवे, कारण याबाबत एक तर पूर्ण बेफिकिरी असते किंवा अकारण घबराट. उंदरांच्या फुप्फुसाच्या रक्तवाहिन्यांत राहणारा एक सूत्रकृमी आहे. तो १९३५ मध्ये चीनमधील ग्वांगझू येथील उंदरांत प्रथम वर्णिला गेला. त्याची पिल्ले उंदराच्या विष्ठेतून बाहेर पडतात, ती विष्ठा खाणाऱ्या गोगलगायीत वाढतात आणि ती गोगलगाय उंदराने खाल्ली की चक्र पूर्ण होते. माणूस या चक्रात चुकून शिरतो, म्हणजे कच्ची किंवा अर्धवट शिजलेली गोगलगाय खाल्ल्याने, अथवा लहान गोगलगाय किंवा तिचे तुकडे चिकटलेली पालेभाजी न धुता कच्ची खाल्ल्याने. अशा वेळी कृमी मेंदूच्या आवरणापर्यंत जाऊन मेंदूज्वर होऊ शकतो. ती भिंतीवर आहे म्हणून किंवा शेजारून गेली म्हणून काही होत नाही. गोगलगाय उघड्या हाताने उचलू नये, उचललीच तर हात साबणाने धुवावेत, मुलांना तिच्याशी खेळू देऊ नये आणि पावसाळ्यात कोशिंबिरीची पाने एकेक करून धुवावीत, एवढे पुरते.

आता उपायांकडे वळू. कृषी विद्यापीठे आणि कृषी खाते ज्या पद्धती सुचवतात त्यांतील सर्वांत साधी पद्धत मला सर्वांत चांगली वाटते. गुळाच्या पाण्यात भिजवलेली गोणपाटे संध्याकाळी बागेत किंवा बांधालगत पसरून ठेवावीत. गोगलगायीला दिवस काढण्यासाठी ओलसर, अंधारी जागा लागतेच, आणि गुळाचा वास तिला ओढून आणतो. सकाळी उन्हे येण्याआधी गोणपाट उलटले की खाली जमलेल्या गोगलगायी हातमोजे घालून गोळा करता येतात. त्या साबणाच्या किंवा मिठाच्या पाण्याच्या बादलीत टाकून माराव्यात आणि खोल खड्ड्यात पुराव्यात. शंख बागेत तसेच फेकून देण्यात दोन तोटे आहेत: उरलेल्या गोगलगायींना ते चुन्याचे आयते खाद्य होते, आणि रिकाम्या शंखात पावसाचे पाणी साचून डासांची पैदास होऊ शकते.

मीठ तिच्या अंगातले पाणी बाहेर ओढते, म्हणून ती मरते. पण वाफ्यात मीठ पसरले तर हीच गोष्ट रोपांच्या मुळांशी होते आणि माती खराब होते. मीठ बादलीतच राहावे. वाफ्याभोवती चुन्याच्या कोरड्या भुकटीचा पट्टा ओढण्याचा उपाय चालतो, कारण तिच्या ओल्या पायाला कोरडा, दाहक चुना सहन होत नाही. मात्र पाऊस पडला की भुकटी विरते, हवेतला कार्बन डायॉक्साइड शोषून चुनखडी होते, आणि मग जे गोगलगायीला अडवण्यासाठी टाकले तेच तिच्या शंखाला पोषक ठरते. पुण्याच्या जुलैत हा पट्टा एक रात्रही टिकेल याची खात्री नसते. पावसाने उघडीप दिलेल्या दिवसांतच तो ओढावा.

नेहमीची कीटकनाशके फवारून उपयोग होत नाही, कारण गोगलगाय कीटक नाही आणि ती औषधे मुख्यतः कीटकांना डोळ्यांपुढे ठेवून केलेली असतात. मेटाल्डिहाइडच्या गोळ्या खाल्ल्या की गोगलगायीच्या अंगातून स्राव अनावर वाहू लागतो आणि ती पाणी गमावून मरते. परंतु याच गोळ्या कुत्र्या-मांजरांनाही विषारी आहेत, आणि ज्या सोसायटीत पाळीव व भटकी जनावरे मोकळी फिरतात तिथे त्या वापरू नयेत असे माझे स्पष्ट मत आहे. फेरिक फॉस्फेटच्या गोळ्या त्या मानाने सौम्य असतात. त्या खाल्ल्यावर गोगलगायीचे खाणे थांबते आणि ती काही दिवसांत मरते. कोणताही उपाय केला तरी तो पावसाच्या पहिल्या दोन-तीन आठवड्यांत करण्याला महत्त्व आहे, कारण तेव्हा जागी झालेली मोठी गोगलगाय अजून अंडी घालायची असते. ऑगस्टमध्ये पकडलेल्या गोगलगायीने तिची एखादी खेप तोवर मातीत ठेवलेली असण्याचीच शक्यता जास्त. नवीन कुंडी आणली की तिची बूडबाजू आणि वरची माती पाहून घ्यावी, वाफा उकरताना साबुदाण्याएवढ्या पिवळसर अंड्यांचा पुंजका लागला तर तो तिथेच चिरडून टाकावा, आणि शक्य असेल तिथे पाणी संध्याकाळऐवजी सकाळी घालावे, म्हणजे रात्रीपर्यंत मातीचा वरचा थर थोडा सुकतो.

गोगलगाय दिसली की मारायची, असा नियम मात्र करू नये. सह्याद्रीत जमिनीवरच्या गोगलगायींच्या अडीचशेहून अधिक जाती आहेत, आणि त्यांतील बहुतेक जगात इतरत्र कुठेही सापडत नाहीत. पुण्याच्या टेकड्यांवर, सिंहगडाच्या उतारावर किंवा मुळशीच्या झाडीत दिसणाऱ्या स्थानिक गोगलगायी बहुधा लहान असतात, शंख शंकूसारखा उंच नसून चपटा किंवा गोलसर असतो, आणि पुष्कळदा तो पट्ट्यांशिवाय, एकाच रंगाचा असतो. एरिओफँटा वंशातील काही जातींचे शंख डावीकडे वळलेले असतात. आफ्रिकन गोगलगायीचा शंख सहसा उजवा असल्यामुळे, टोक वर धरल्यावर तोंड डाव्या हाताला आले तर ती बहुधा परकी नव्हे असे समजावे. काही स्थानिक जातींच्या शंखाच्या तोंडावर घट्ट बसणारे कायमचे झाकण असते, तीही ओळखण्याची चांगली खूण आहे. कुजका पाला फोडून त्यातले क्षार मातीत परत आणण्यात या गोगलगायींचाही वाटा असतो. ओळख पटत नसेल तेव्हा तोंडाच्या बाजूने आणि टोकाच्या बाजूने असे दोन फोटो काढावेत, शेजारी मोजपट्टी किंवा नाणे ठेवावे, आणि जाणकाराकडून खात्री होईपर्यंत तिला आहे तिथेच सोडावे.